दगडी पाटी, पत्र्याची पाटी आणि बटणाची पाटी

आधी निकाल सांगून टाकते, म्हणजे घाईत असणाऱ्यांनी पुढं वाचलं नाही तरी चालेल. लाकडी चौकटीची दगडी पाटी घ्या. पत्र्याची घेऊ नका. बटणाची, म्हणजे ती एलसीडीवाली, पोरांना चित्रं काढायला ठीक आहे. पण ज्याला खरोखर लिहायला शिकायचंय, किंवा पुन्हा शिकायचंय, त्याच्या हातात ती देऊ नका. आमच्या घरी सध्या तिन्ही आहेत, तेव्हा बोलते ते वापरून बोलते.

विद्यार्थी म्हणजे आमचे अण्णा, माझे सासरे. वय ७६. गेल्या उन्हाळ्यात त्यांना पक्षाघाताचा झटका आला. मेंदूच्या डाव्या बाजूला गुठळी, त्यामुळं उजवा हात लुळा आणि बोलणं गेलं. बोलणं गेलं म्हणजे समजायचं सगळं, पण हवा तो शब्द तोंडात यायचा नाही. चहा हवा असला की 'खुर्ची' म्हणायचे आणि आपण चुकीचं बोललो हे त्यांनाच कळून कपाळावर हात मारायचे. घरी येणाऱ्या स्पीच थेरपिस्ट मुलीनं समजावलं, की बहुतेक माणसांत भाषेचं काम मेंदूच्या डाव्या भागाकडं असतं, तिथं मार बसला की असं होतं. पण पाठ केलेलं, लहानपणापासून घोकलेलं पुष्कळदा शाबूत राहतं. आणि खरंच, 'पाणी' म्हणता न येणारा माणूस दिडकी धडाधड म्हणून दाखवायचा. बे एके बे सोडा, औटकीसुद्धा! आजच्या पोरांना औट म्हणजे साडेतीन हेही ठाऊक नसतं.

त्या दिवसांत भेटायला येणारा प्रत्येक जण जाताना एकेक वाक्प्रचार ठेवून जायचा. 'अण्णा, आता नव्यानं श्रीगणेशा करायचा.' 'ओनामापासून सुरुवात, त्यात काय एवढं!' इथल्या, इंदूरच्या रामबागेतल्या एका लांबच्या मामांनी तर 'पाटी कोरी झाली असं समजा' म्हणून पाठ थोपटली. सगळे प्रेमानंच बोलत होते, पण मामा गेल्यावर आई, म्हणजे माझ्या सासूबाई, जाम भडकल्या. "शहात्तर वर्षांच्या माणसाची पाटी कोरी कशी होईल? समजतंय सगळं त्यांना. पाटी भरलेली आहे, खडू सापडत नाहीये फक्त."

मला आईंचं म्हणणं पटलं. आपण हे शब्द फार सैल वापरतो. श्रीगणेशा हा पहिल्यांदाच हाती घेतलेल्या कामाचा. दुकान उघडलं, घराचा पाया खणला, पोरगं शाळेत घातलं. ओनामाही तसाच, तो 'ॐ नमः सिद्धम्' मधून आलाय. पूर्वी पोरांना आधी 'श्रीगणेशाय नमः' आणि मग तेच गिरवायला लावायचे, तेही धुळीत बोटानं; धुळाक्षरं म्हणतात ती हीच. कोरी पाटी म्हणजे एक तर ज्याला काहीच येत नाही तो ('त्या विषयात माझी पाटी कोरी आहे हो'), नाहीतर मागचं सगळं पुसून टाकणं ('भांडण झालं गेलं, पाटी कोरी करू या'). अण्णांना यातलं एकही लागू नव्हतं.

लागू होता तो 'पुनश्च हरिओम', आणि गंमत म्हणजे तो त्यांचाच आवडता शब्द. वेदपठणाची सुरुवात 'हरिः ॐ' म्हणून करतात. पठण थांबलं आणि पुन्हा सुरू करायचं तर पुन्हा हरिः ॐ. राजद्रोहाच्या खटल्यात १८९७ साली टिळकांना शिक्षा झाली. सुटून आल्यावर १८९९च्या जुलैत त्यांनी 'केसरी'ची सूत्रं पुन्हा हातात घेतली, तेव्हा अग्रलेखाला हेच शीर्षक दिलं, आणि शब्द घरोघर गेला. २०२०च्या लॉकडाऊननंतर महाराष्ट्र सरकारनंही तोच उचलला. म्हणजे मधे खंड पडला, पण काम जुनंच आणि करणाराही तोच. आमच्या अण्णांची कापडगिरणी नव्वदीच्या सुरुवातीला बंद पडली तेव्हा हिशेबखात्यातला हा माणूस सियागंज बाजारातल्या एका किराणा व्यापाऱ्याकडं मुनीम म्हणून जाऊन बसला. पहिल्या दिवशी डबा घेताना म्हणे 'पुनश्च हरिओम' एवढंच बोलले आणि सायकल काढली. तेव्हा मी या घरात नव्हते, पण ही गोष्ट आईंनी इतक्यांदा सांगितलीय की सायकलची घंटासुद्धा ऐकू येते.

असो. पाटीवर येते.

डाव्या हातानं लिहायचा सराव करा, असं थेरपिस्ट मुलीनं सांगितलं होतं. वहीवर झेपेना. पेन घसरायचं, कागद सरकायचा, आणि वाकडंतिकडं अक्षर कागदावर तसंच राहिलेलं पाहून अण्णांना राग यायचा. जन्मभर मोत्यासारखं अक्षर काढलेला माणूस तो. मग पाटी आणायची ठरली.

पहिल्यांदा घरात आली ती बटणाची, कारण ती मागवायला घराबाहेर पडावं लागत नाही. ह्यांनी मोबाइलवरून मागवली, साडेआठ इंची, दोनशे रुपयांच्या आत. वस्तू म्हणून हुशारीची आहे. आत द्रवस्फटिकाचा थर असतो, टोकाचा दाब पडला की तिथं रंग उमटतो. लिहायला वीज लागतच नाही. पुसायला बटण दाबलं की विजेची छोटीशी लहर जाते आणि सगळा पडदा एकदम काळा होतो. त्या नाण्याएवढ्या चपट्या सेलचं काम एवढंच. धूळ नाही, फडकं नाही, वजन तर जवळजवळ नाहीच.

आणि नेमकं तेच नडलं. हलकी असल्यानं एका हातानं लिहिताना टेबलावर गोल फिरते. उजवा हात धरायला येत नाही, मग ती धरणार कोण? पृष्ठभाग गुळगुळीत, टोक भलतीकडंच निसटतं. ट्यूबलाइटची चमक पडली की अक्षर दिसत नाही. पण खरी अडचण बटणाची. आमच्या या पाटीला थोडंसं पुसणं माहीतच नाही. एक अक्षर चुकलं तरी सगळं पुसा. नको तेव्हा अंगठा लागला की अर्ध्या तासाची मेहनत गायब. अण्णांनी अख्खी ओळ काढली होती, कष्टानं, जीभ दातांत धरून, आणि 'बघा' म्हणून माझ्याकडं वळवताना बोट बटणावर पडलं. त्यानंतर दोन दिवस त्यांनी लिहायचं नावच काढलं नाही. बटण बंद ठेवायची कळ असलेल्याही पाट्या मिळतात, घ्यायचीच असेल तर तसली घ्या. आमची तसली नव्हती.

त्यात आणखी एक गोष्ट होती, ती मला उशिरा लक्षात आली. अण्णा कुठंही लिहायला बसले की आधी वर मध्यभागी 'श्री' काढतात. गिरणीत काढायचे, सियागंजात खातेवहीच्या प्रत्येक पानावर काढायचे, वाण्याच्या यादीवरसुद्धा काढतात. झटक्यानंतर डाव्या हातानं सगळ्यात आधी जमलं तेही 'श्री'च. बटणाच्या पाटीवर प्रत्येक वेळी ते 'श्री'ही पुसलं जायचं आणि दर वेळी पुन्हा काढावं लागायचं. त्यांना ते खपत नव्हतं. बोलून सांगता येईना, मग ते बटणाकडं बोट दाखवून जोरजोरात मान हलवायचे. आईंनी ओळखलं. म्हणाल्या, "अगं, ते श्री पुसतंय ना सारखं, म्हणून."

मग मी खजुरी बाजारात गेले. इंदूरच्या बाहेरच्यांसाठी सांगते: राजवाड्याला लागूनच हा आपला पुस्तकं-वह्यांचा बाजार, शाळा उघडायच्या सुमाराला तिथं पाय ठेवायला जागा नसते. मी गेले ते ऐन पावसाळ्यात, तरी गाडी लावायला लांबच जावं लागलं. रिक्षानं गेलात तर डोक्याला ताप कमी. पहिल्या दोन-तीन दुकानांत 'पत्थरवाली स्लेट' म्हटल्यावर 'अब कौन लेता है' असं उत्तर मिळालं. एका आतल्या बोळातल्या दुकानात मात्र मालकांनी काउंटरखालून वर्तमानपत्रात गुंडाळलेला गठ्ठाच काढला. नाव मुद्दाम देत नाही, तिथं माल कधी असतो कधी नसतो, उगाच तुमचा हेलपाटा व्हायचा. बाजारात विचारत गेलात तर सापडतं.

दुकानदारानं एक चांगलं केलं. पाटी हातात देण्याआधी बोटाच्या सांध्यानं टकटक वाजवून दाखवली. दगड अखंड असेल तर खणखणीत आवाज येतो, आतून तडा असेल तर बद्द. "ये आंध्र का माल है भिया, मार्कापूर का," असं माझ्या मागं उभ्या असलेल्या गिऱ्हाइकाला सांगत होता. मार्कापूर पाट्यांसाठी प्रसिद्ध आहेच. हा दगड असाच पातळ पापुद्र्यांत सुटतो, म्हणून तर त्याची पाटी होते. मी दगडी एक आणि तुलनेसाठी पत्र्याची एक, अशा दोन घेतल्या. दगडी नव्वद रुपये, पत्र्याची साठ.

पत्र्याच्या पाटीबद्दल थोडक्यातच. काळा रंग दिलेला पत्रा, प्लॅस्टिकची चौकट. पडली तर फुटत नाही, एवढाच गुण. पेन्सिल नीट धरत नाही, अक्षर फिकं येतं, रंगाला ओरखडे पडतात, आणि घासताना जो आवाज होतो त्यानं दात शिवशिवतात. ती आता स्वयंपाकघरात दुधाच्या हिशेबाला टांगलीय. तिथं छान आहे.

दगडी पाटीचा पहिला फायदा म्हणजे वजन. टेबलावर ठेवली की हलत नाही. तरी मी खाली ओला नॅपकिन पसरते, मग एका हातानं कितीही जोर लावा, जागची ढळत नाही. दुसरा, दगडाचा खरखरीतपणा. पेन्सिल घसरत नाही, दगड तिला धरून ठेवतो. थेरपिस्ट मुलगी म्हणाली, की हाताला असा अडथळा जाणवला की आपण कुठं वळतोय हे कळतं. मला शास्त्र ठाऊक नाही, पण 'अ'चा गोल काढताना अण्णांचं बोट पाटीवर थांबत-थांबत फिरतं आणि बटणाच्या पाटीवर ते सुसाट सुटायचं, हा फरक डोळ्यांनी दिसतो.

तिसरा आणि सगळ्यात मोठा फायदा, हवं तेवढंच पुसता येतं. अण्णांनी पहिल्याच दिवशी वर 'श्री' काढलं, खाली रेघ मारली आणि मग रेघेखाली लिहायला लागले. पुसायची वेळ आली की ओल्या फडक्याचं टोक बोटाला गुंडाळून नेमकं चुकलेलं अक्षर पुसतात. 'नर्मदा' लिहिताना रफार भलत्या अक्षरावर गेला, तर तेवढाच पुसून दुसरीकडं देतात. पूर्ण पाटी पुसली तरी फडकं रेघेच्या वर जात नाही. ते पहिलं 'श्री' अजून तसंच आहे, फक्त फिकं पडलं की त्यावरून एकदा पेन्सिल फिरवतात.

दोष सांगायलाच हवा. दगडी पाटी कोरी होत नाही. ओलं फडकं फिरवलं की काळीभोर दिसते, वाटतं झालं सगळं साफ. वाळली की जुन्या अक्षरांच्या पांढुरक्या खुणा पुन्हा वर येतात. दोनदा-तीनदा धुतलं तर बऱ्याच जातात, पण कडक पेन्सिल दाबून ओढलेली असेल तर ओरखडा कायमचा. पूर्वी लोक कोळसा घासून पाटी काळी करायचे ते याचसाठी. मला सुरुवातीला ही गचाळ वाटायची. अण्णांनी मात्र त्याचा उपयोग शोधला: काल लिहिलेलं अंधुक दिसतं, त्यावरूनच ते आज गिरवतात. त्यामुळं आता मी मुद्दामच पाटी फार घासत नाही. 'पाटी कोरी झाली' म्हणणाऱ्या मामांना एकदा ही वाळलेली पाटी दाखवायची आहे.

पेन्सिलींबद्दल जरा सविस्तर, कारण पाटीइतकंच यावर अवलंबून आहे. आपल्याकडं हिंदीत पेम म्हणतात, मराठीत पाटीवरची पेन्सिल. दोन तऱ्हा मिळतात. करडी, कडक, दगडाची; आणि पांढरी, मऊ. कमजोर हाताला पांढरीच घ्या. कमी जोरात ठळक उमटते आणि दगडावर चरा पाडत नाही. झिजते भराभर, धूळही जास्त होते, पण डबी वीस-पंचवीस रुपयांत येते. पेन्सिल फार बारीक असल्यानं धरता येईना, तेव्हा ह्यांनी सायकलच्या जुन्या ट्यूबची पट्टी कापून तिला गुंडाळली. बाजारात यासाठी महागड्या रबरी मुठी मिळतात, त्यांची काही गरज नाही.

आणि धूळ ओल्या फडक्यानंच पुसा, फुंकर मारू नका. या दगडी पेन्सिली आपल्याच राज्यातल्या, म्हणजे मध्य प्रदेशातल्या मंदसौरच्या, इंदूरपासून दोनेकशे किलोमीटरवर. तिथल्या कारखान्यांत दगड कापताना उडणाऱ्या बारीक धुळीनं किती कामगारांच्या छात्या सिलिकोसिसनं गेल्या, ही जुनी आणि माहितीतली गोष्ट आहे. सरकारला १९८२ साली कायदा करून स्लेट-पेन्सिल कामगारांसाठी कल्याण निधी उभारावा लागला. आपण लहानपणी ज्या पेन्सिली कुडुमकुडुम खाल्ल्या त्या कुणाच्या छातीवर बनत होत्या, हे शाळेत कुणी सांगितलं नव्हतं. घरात दोन ओळी लिहिण्याची आणि कारखान्याची बरोबरी नाही, पण घरात आजारी माणूस असेल तर ओलं फडकं बरं.

आता अण्णा काय लिहितात? आकडे जवळजवळ सगळे येतात, ते आधी आले. नावं येतात, जोडाक्षर अडकतं. बोलणंही आलंय थोडं थोडं. 'चहा' आता चहाच असतो, क्वचित खुर्ची. गेल्या महिन्यात मी दळण आणायला गेले असताना ते भिंतीला धरत स्वयंपाकघरात गेले, पत्र्याच्या पाटीवरचा दुधाचा हिशेब वाचला आणि ह्यांनी केलेली बेरीज खोडून खाली बरोबर बेरीज मांडून ठेवली. वर 'श्री' घालून. ह्यांचं तोंड बघण्यासारखं झालं होतं. सियागंजातला मुनीम जागा झाला म्हणून आईंनी त्या दिवशी शिरा केला.

दसऱ्याला धाकटे दीर-जाऊ पुण्याहून लेकीला घेऊन आले होते. तिला पाटीपूजन करायचं होतं, शाळेत सांगितलेलं. घरात दुसरी दगडी पाटी कुठली, मग अण्णांनी आपलीच पुढं केली, रेघेखालची जागा पुसून. एकाच्या आकड्यांची सरस्वती त्यांनी डाव्या हातानं काढली, आकडे थोडे तिरके गेले. पोरीनं विचारलं, "आबा, तुम्ही पण पहिलीत आहात?" अण्णांनी मान डोलावली आणि बोटांनी दोन दाखवले. दुसरीत.

घेणार असाल तर एवढं पाहा. वाजवून घ्या. चौकटीचे चारही कोपरे हलवून बघा, खिळा किंवा खुंटी मारलेली असावी, नुसती डिंकानं चिकटवलेली नको. पाणी लागून महिन्यात सुटते. लाकडाला बोट फिरवून कुसळ नाही ना ते पाहा, आजारी हाताला लगेच टोचतं. मोठ्या माणसासाठी मोठा आकार मागा, शाळेचा छोटा आकार अक्षराला पुरत नाही. ऑनलाइन मागवू नका: माझ्या जावेनं पुण्यात एका साइटवरून मागवली ती दोन तुकड्यांत आली, परत घेतानाही खूप फिरवलं. घरी नेताना स्कूटीच्या डिकीत टाकू नका, टॉवेलमध्ये गुंडाळून मांडीवर धरा. खजुरी बाजारात गेलात तर सकाळी अकराच्या आसपास जा, दुकानदार निवांत असतो आणि गठ्ठा सोडून चार पाट्या वाजवू देतो.

दगडी पाटीला पाचपैकी साडेचार. अर्धा गुण धुळीचा कापला. बटणाच्या पाटीला दोन, आणि पत्र्याच्या पाटीला, दुधाचा हिशेब धरून, अडीच.